सिरका घातल्यावर

तीन वाजता कोठीत फोन आला :
"आई, येताना अळंबी आण. आणि सिरका.
बाकी आहे घरात."
आवाज सरळ होता,
इस्त्री केल्यासारखा.

खंडेराव मार्केटात एकाजवळच मिळाली.
टोपलीवरचं ओलं फडकं उचलत तो म्हणाला,
"लई जाओ बेन, बिलाडीना टोप."
गुजरातीत मांजरीची टोपी,
आमच्याकडे कुत्र्याची छत्री.
दोन्ही भाषांनी मिळून ठरवलेलं
की ही वस्तू खायची नव्हे.
मी अर्धा किलो घेतली.
सिरका नवसारीचा, उसाचा. बाटलीला बूच कसलंसं,
रिक्षाभर माझ्या मांडीला वास.

दावावला सहा वर्षं शर्वाणी
नानाय बेबिंगच्या माडीवर राहिली.
दर रविवारी तिथं अडोबो. डुकराचा.
आणि हिच्यासाठी बाजूच्या शेगडीवर
छोटं पातेलं, उहोंगचं.
उहोंग म्हणजे हीच टोपी, हीच छत्री.
सहा वर्षांत एकदाही
या पातेल्यातला डाव त्या पातेल्यात गेला नाही.
हे मला माझ्या सख्ख्या नणंदेबद्दल सांगता येणार नाही.

मी त्या बाईला एकदाच पाहिलं, व्हिडिओवर.
मी थँक यू म्हटलं. ती थँक यू म्हणाली.
मग दोघींचं इंग्रजी संपलं
आणि आम्ही नुसत्या हसत बसलो,
तिच्या मागे पंखा फिरत होता.

कढई तापली. माझा हात सवयीनं मोहरीकडे गेला,
शर्वाणीनं मनगट धरलं.
"फोडणी नाही गं."
अळंबी तिनं हातानं फाडली, सुरी लावली नाही.
आधी ती आक्रसली, मग पाणी सोडलं,
मग तेच पाणी परत प्यायली
आणि कडांना तांबूस झाली.
ठेचलेला लसूण, अख्खा गड्डा.
मिरी न कुटता. तमालपत्र दोन.
चायनीजवाल्याकडची सोया सॉसची पुडी.
गुळाचा खडा माझा,
तिनं पाहिलं, बोलली नाही.

मग सिरका.
डोळ्यांत पाणी आलं, दोघींच्या,
बरं झालं.
मी डाव उचलला.
"आता हलवायचं नाही."
"लागेल खाली."
"लागू दे. उकळी येईपर्यंत डाव घालायचा नाही,
नाहीतर आंबट कच्चंच राहतं.
नानाय हातावर मारायची."

जन्मभर मी ढवळतच आले :
दूध, रवा, कोठीतल्या फायली,
दुसऱ्यांच्या तोंडातले शब्द.
हातात डाव घेऊन
नुसतं उभं राहणं मला कुणी शिकवलं नव्हतं.
पदराला हात पुसला. परत पुसला.
वरच्या झवेरीबेननी लसणाच्या वासाला
धाडकन खिडकी लावून घेतली.
कडेनं एक बुडबुडा आला.
मी तिच्या तोंडाकडे पाहिलं नाही,
कढईकडे पाहिलं.
तिचा मोबाइल फ्रिजवर पालथा होता.
दोन वेळा याच फ्रिजपाशी
मी ताबडतोब विचारलं होतं,
किती आले, कितीनं गेले, आता काय.

उकळी आली. वास बदलला,
नाकात घुसणारा होता, तो घरात बसला.
"आता," ती म्हणाली.

पानात भात, त्यावर काळसर रस.
तिनं पहिला घास खाल्ला, मान हलवली.
"गूळ नको होता."
"पुढच्या वेळी नाही घालणार."
दुसरा घास. तिसरा.
बाहेर कुणीतरी स्कूटर स्टँडवर लावत होतं,
लागत नव्हती.
"सात मार्कांनी," ती पानाकडे बघत म्हणाली.

मी भाताचं पातेलं पुढे ओढलं.
तळाशी थोडा लागलेला होता,
तोही खरवडून वाढला.